घोषावतीची पायपेटी

मी पायपेटी बोलतेय. बोलायला मला संकोच कसला? सगळा जन्म बोलण्यातच गेला. राजा रागावला की मी गरजले, राणी रडली की मी हुंदके दिले, राक्षस मेला की लोकांच्या आधी मी आनंदले. आमच्या दशावतारात लिहिलेलं नाटक नसतं. आज कोणतं आख्यान लावायचं ते मालक सांगतात आणि पात्रं उभ्या उभ्या आपापली भाषणं रचतात. रचता रचता एखाद्याचा धागा तुटला की ती भेग बुजवायची कोणी? मी. अशा भेगा मी इतक्या बुजवल्या आहेत की आमच्या कंपनीतल्या निम्म्या नटांची अब्रू माझ्या पोटात आहे. आणि तरीही माझा सर्वांत मोठा पराक्रम कोणता, असं विचाराल तर मी सांगेन, की वैभववाडीला एका भर दुपारी मी वाजले नाही.

हसू नका. आधी सगळं ऐका, मग हसा.

माझं अंग आरोंद्याचं. विश्राम मेस्त्री नावाच्या सुताराने सागवानाच्या फळ्या रंधून मला उभं केलं. सूर मात्र खाडीपलीकडचे, गोव्याचे. तिथल्या एका चॅपेलातली जुनी पेटी वाळवीने खाल्ली होती, पण तिच्या पोटातल्या पितळी सुरांना काही झालं नव्हतं. विश्रामने ते आणले, घासूनपुसून लख्ख केले, एकेक ओठाशी धरून फुंकून पाहिला आणि माझ्यात बसवला. त्यामुळे माझ्यात थोडी प्रार्थना आहे आणि थोडा भांडखोरपणा. भांडखोरपणा जरा जास्तच आहे, हे मी आधीच कबूल करते.

हरिश्चंद्र मालकांनी मला त्यांच्या दशावतारी कंपनीसाठी घेतलं आणि दत्तारामच्या स्वाधीन केलं. दत्ताराम म्हणजे आमचे बुवा. गातात तेच आणि मला वाजवतात तेच. पायांनी माझ्या खालच्या दोन फळ्या दाबायच्या, भात्यात वारा भरायचा आणि बोटांनी पट्ट्यांवर नाचायचं, असं आमचं काम. या दत्तारामला शांतता म्हणून सहन होत नाही. जेवतानाही त्याचा पाय पाटाखाली ताल धरतो. एकदा कोणाच्या तरी बाराव्याला पंगतीत बसून तो भैरवी गुणगुणला आणि यजमानांनी त्याच्याकडे असं पाहिलं की भात घशात अडकला. मला तो याच कारणासाठी आवडायचा. आम्ही दोघे एकाच मातीचे.

आता काशिनाथबद्दल सांगते, कारण ही गोष्ट त्याची आहे.

काशिनाथ आमच्या कंपनीची राजपार्टी, म्हणजे राजाच्या भूमिका करणारा नट. आमच्या रंगमंचावर सामान म्हणजे एक लाकडी बाकडं. तेच सिंहासन, तोच रथ, तोच हिमालय. त्या बाकड्यावर काशिनाथने वीस वर्षं राज्य केलं. आवाज असा की तो "कोण आहे रे तिकडे?" म्हणून गरजला की मागच्या रांगेतली माणसं खरंच वळून मागे पाहायची. गावोगावच्या बायका त्याला बाजारात पाहून पदर सावरायच्या, जणू महाराजच भाजी घ्यायला आले आहेत. त्याच्यासाठी वाजवायचं म्हणजे मलाही छाती फुगवून वाजवावं लागे.

त्र्याऐंशीच्या पावसाळ्यात त्याचा घसा बसला तो बसलाच. काढे झाले, चाटणं झाली, मग मोठ्या शहरातल्या डॉक्टरांनी घशात गाठ आहे म्हणून सांगितलं. शस्त्रक्रिया झाली. जीव वाचला, आवाज गेला. घरी आला तेव्हा त्याच्या तोंडून फक्त वारा यायचा, फुटक्या भात्यातून येतो तसा. असा वारा मला चांगला ओळखता येतो, म्हणून मला इतरांपेक्षा जास्त वाईट वाटलं.

आमच्या कंपनीत एक रीत आहे. तुळशीचं लग्न झालं की हंगाम सुरू होतो आणि मालक प्रत्येक नटाच्या हातात विडा ठेवतात. ज्याने विडा घेतला तो त्या वर्षी कंपनीचा. त्या वर्षी काशिनाथ मालकांच्या मांगरात, म्हणजे तालमीच्या शेतघरात आला, सगळ्यांबरोबर ओळीत बसला. मालकांनी त्याच्यापुढे तबक धरलं आणि हळूच म्हणाले, "घे रे काशिनाथ. तू मागे बस. रंग लाव, मुकुट बांध. तुका कोण काय बोलाचो नाय."

काशिनाथने विडा उचलला, कपाळाला लावला आणि परत तबकात ठेवला. विडा रंगमंचावर उभं राहणाऱ्याचा असतो. त्याने बोलून सांगितलं नाही, सांगणार तरी कसा? पण मांगरातल्या प्रत्येकाला ते कळलं. तो उठून गेला आणि त्याच्या जागी भाई नावाचा तरणा नट राजपार्टी झाला. भाई गुणी होता, जिभेवर सरस्वती होती. तरी मी त्याच्यासाठी मुद्दाम अर्धी पट्टी चढी वाजवत राहिले. माझा स्वभाव.

दोन वर्षं अशीच गेली. काशिनाथची मुलगी सरला आरोंद्याच्या शाळेत बाई होती. ती घरी पाहायची काय, तर परसात कोकमाच्या झाडाखाली बाप एकटा उभा राहायचा. छाती पुढे, हात उगारलेला, ओठ हलताहेत आणि आवाज नाही. अख्खं आख्यान तो तसं करायचा. तिची आई शेवंती स्वयंपाकघराच्या दारातून पाहायची आणि डोळ्यांना पदर लावायची. "गो बाय," ती सरलाला म्हणाली, "ह्येंचा असा माका बघवत नाय. माणूस जितो आसा, पण खंय आसा ता कळत नाय."

आणि एके दिवशी सरला थेट मांगरात आली. दत्ताराम माझ्यापाशी बसून काहीतरी जुळवत होता, मालक सुपारी कातरत होते. ती म्हणाली, "मालकानू, माझ्याकडे एक आख्यान आसा. माझ्या बाबांसाठी."

"बाय गो, तुझ्या बाबाक आवाज खंय आसा?"

"आवाज नको. देव आसत ते."

आणि तिने गोष्ट सांगायला घेतली. वर्गातली पोरं दंगा करू लागली की ती त्यांना ही गोष्ट तुकड्यातुकड्याने सांगायची. तिने स्वतः रचलेली. पुराणात नाही, पोथीत नाही.

घोषावती नावाची एक नगरी. ती आपल्या पृथ्वीवर नाही. तिथल्या माणसांना सावली नसते, त्याऐवजी प्रत्येकाचा प्रतिध्वनी त्याच्या मागून चालतो. तिथे उजेड येतो शंखांतून आणि तिथलं जग पाण्यावर किंवा नागाच्या फण्यावर नाही, ते निःशब्दावर तरंगतं. सगळ्यांच्या आधी निःशब्द होता. त्याने स्वतःत थोडी जागा केली, तिथे पहिला शब्द उमटला. म्हणून आजही प्रत्येक शब्दाखाली तो असतो, होडीखाली पाणी असतं तसा. घोषावतीत त्याचं देऊळ नाही, मूर्ती नाही. लोक उंबरठा ओलांडताना क्षणभर थांबतात, पहिला घास घेण्याआधी थांबतात, मूल जन्मलं की नाव ठेवण्याआधी थांबतात. ते थांबणं हीच त्याची पूजा.

मग तिथे घोषसेन राजा झाला. तो म्हणाला, ज्याचा आवाज मी ऐकला नाही त्याला मी देव मानणार नाही. त्याने हुकूम काढला, की नगरीत एक क्षणही मोकळा राहता कामा नये. चौकाचौकांत नगारे बसवले. एक पथक थकलं की दुसरं. निःशब्द आत शिरू नये म्हणून वेशीवर कर्णे फुंकणारे ठेवले. आणि हळूहळू शब्दांखालचं पाणी आटलं. आई हाक मारायची, पण मुलाला ती हाक आपली वाटेना. शपथ घेणाऱ्यालाच स्वतःची शपथ खरी वाटेना. माणसांमागचे प्रतिध्वनी एकेक करून वेशीबाहेर निघून गेले. तेव्हा निःशब्द स्वतः दरबारात आला.

सुपारी कातरायची थांबवून मालकांनी विचारलं, "देव बोलतलो काय?"

"नाय."

"मगे वाद कसो होतलो? राजाचो आणि देवाचो वाद नाय झालो तर लोक माका सोडतीत?"

"राजा बोलतलो. देव ऐकतलो."

"आणि जिंकतलो कोण?"

"देव."

मालकांनी अडकित्ता खाली ठेवला. "गप रवलेलो दशावतारी माझ्या पन्नास वर्सांत मी बघूक नाय," ते म्हणाले. पण नकार त्यांच्या तोंडून निघेना, कारण त्यांनाही काशिनाथ आठवत होता. शेवटी म्हणाले, "एकदा लावून बघूया."

मला मात्र भयंकर राग आला. निःशब्द म्हणे देव! मग मी कोण? त्या घोषसेनाच्या दरबारात मीच तर नगारा असणार, म्हणजे मी खलनायकाच्या पक्षात. इतकी वर्षं ज्याला मी भेग म्हणत होते, बुजवत होते, त्याच्याच पाया पडायचं?

दोडामार्गकडच्या एका जत्रेत आम्ही ते आख्यान लावलं. अंगावर साधं धुवट वस्त्र घेऊन काशिनाथ दोन वर्षांनी रंगमंचावर आला. शेवंती बायकांत पुढे बसली होती. भाईने राजाचा पहिला प्रश्न टाकला: "कोण रे तू? नाव सांग!" काशिनाथ नुसता उभा. दत्तारामला ठाऊक होतं की इथे वाजवायचं नाही. आठवडाभर तेच घोकलं होतं. पण रंगमंचावर मोकळी जागा दिसली आणि त्याचे पाय आपोआप हलले. एक नाही, दोन नाही, यमनची अख्खी लहर त्याने माझ्यातून सोडली. मी त्याला अडवू शकले असते का? सूर अडकतो कधीकधी, भाता रुसतो. मी रुसले नाही. उलट आनंदाने वाजले. मागोमाग मृदंग आला, झांज आली. लोकांना वाटलं, आता देव नाचणार. देव नाचेना. मागून कोणीतरी ओरडलं, "इसारलो रे, इसारलो!" भाषण विसरलेल्या नटासाठी आमच्याकडे हीच ओरड. हशा पिकला. प्रसंग सावरावा म्हणून भाई म्हणाला, "काय रे, वाचा बसली की काय तुझी?" त्याच्या मनात वाईट नव्हतं, तोंडात आलं ते बोलून गेला. पण हशाची लाटच आली.

काशिनाथ शेवटपर्यंत उभा राहिला. रंग पुसला आणि कोणाकडे न पाहता चालू लागला. दुसऱ्या दिवशी त्याने सरलापुढे तिचीच शाळेची पाटी धरली. तिच्यावर एकच शब्द होता: "पुरे."

सांगायला लाज वाटते, पण खरं ते सांगते. तो शब्द माझ्यामुळे लिहिला गेला.

त्यानंतर माझ्या भात्यालाच भोक पडलं. घाटातल्या प्रवासाने पडलं असेल, की माझ्या अपराधाने, कोणास ठाऊक. उन्हाळा लागला होता, जत्रा संपत आल्या होत्या, आणि वैभववाडीला दशावताराची स्पर्धा जाहीर झाली होती. मालक म्हणाले, दुसरं नेहमीचं आख्यान लावू. दत्तारामने त्यांना अडवलं. "मालकानू, माका आठ दिवस द्या. चूक माझी आसा. ती मीच निस्तरतंय." काय निस्तरणार, ते त्याला तरी कुठे माहीत होतं?

मला दुरुस्तीसाठी खाडीपलीकडे न्यावं लागलं, कारण विश्रामने आता दुकान तिकडे थाटलं होतं. नेणारा तय्यब. खाडीत त्याची होडी, आणि कंपनीचं सामान इकडून तिकडे करायचं ते नेहमी तोच. परत येताना भर सकाळी भरतीच्या पाण्यात त्याने होडी मध्येच थांबवली आणि गरी टाकली. दोरी बोटांवर घेऊन बसला. दत्ताराम समोर, मी मध्ये.

थोड्या वेळाने तय्यब म्हणाला, "बुवानू, जरा गप रवा."

"गपच आसंय रे!"

"तोंड गप आसा. पाय बघा तुमचो."

दत्तारामचा पाय होडीच्या फळीवर त्रिताल धरत होता. त्याने तो घट्ट दाबून ठेवला. मग बोटं सुरू झाली. ती मुठीत धरली, तर मान डोलायला लागली. तय्यबला हसू आवरेना. "अशान मासो गोव्याक जाऊन पोचतलो. बुवानू, गप रवणा म्हणजे निजणा न्हय. ही दोरी बघा. ढिली सोडलंय तर मासो लागलेलो कळाचो नाय. ओढलंय तर तो येवचो नाय. हात भरलेलो व्हयो आणि हालूचो नाय. इतक्याच."

दत्तारामने त्या हाताकडे पाहिलं. खूप वेळ पाहिलं. मग माझं झाकण उघडलं. एका पेटाऱ्यावर बसून त्याने फळ्यांवर पाय ठेवले, नवा भाता काठोकाठ भरला आणि थांबला. बोटं पट्ट्यांवर अगदी टेकत आलेली, पण टेकली नाहीत.

आता हे मी तुम्हाला कसं सांगू? आजवर मी भरले की लगेच ओतत आले होते. भरून राहणं म्हणजे काय ते मला ठाऊकच नव्हतं. माझ्या पोटात वारा उभा होता. चॅपेलातले ते जुने सूर त्यात जागे होऊन बसले होते, एकेक आपापल्या जागी, न बोलता. खाडी दिसत होती, तय्यबचा हात दिसत होता, आणि सगळ्यांच्या खाली काहीतरी होतं ज्याने आम्हाला तोलून धरलं होतं. ते पाणी होतं की तो निःशब्द होता? घोषावती मला त्या होडीत सापडली. ज्याला मी भेग म्हणून बुजवत आले, त्याच्या खांद्यावर मी आयुष्यभर बसले होते.

इतक्यात तय्यबने हिसका दिला आणि हाताएवढी तांबोशी होडीत येऊन आपटली. "बघलास?" तो ओरडला. दत्तारामही ओरडला. मग मीही आनंदाने एक सूर सोडून दिला, कारण कितीही झालं तरी मी पेटीच.

दत्ताराम तसाच काशिनाथच्या घरी गेला. मी तिथे नव्हते, तिथलं सगळं मला सरलाकडून कळलं. तो ओटीवर बसला आणि काहीही बोलला नाही. शेवंतीने चहा आणला, तो प्याला, कप खाली ठेवला. पाय स्थिर, बोटं स्थिर, गुणगुण नाही. शेवंती घाबरली. "बुवानू, बरा नाय काय तुमका? वैद्याक बोलवू?" काशिनाथने त्याला पायापासून डोक्यापर्यंत न्याहाळलं. मग त्याचे खांदे हलायला लागले. तो हसत होता, आवाजाशिवाय, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. हसून झाल्यावर तो उठला आणि त्याने चपला घातल्या.

वैभववाडीची स्पर्धा होती दुपारी. एरवी रात्रभर चालणारा दशावतार आणि दुपारी! बाजाराच्या मैदानात मंडप, वर पत्र्यासारखं तापलेलं कापड, चारशे-पाचशे माणसं. भज्यांचा घाणा कढतोय, सोड्याच्या बाटल्या फटाफट फुटताहेत, पोरं रडताहेत, कोणीतरी हरवलेल्या छत्रीबद्दल लाऊडस्पीकरवर सांगतंय. घोषसेनाला मुद्दाम नगरी वसवायची गरजच नव्हती, ती तिथे तयार होती. मालकांचा चेहरा उतरला. "आज जर लोक हसले," ते दत्तारामला म्हणाले, "तर ह्या आख्यान परत नाय. काशिनाथाक मी परत उभो करूचंय नाय. तेका दोनदा मारूचो काय?"

दत्ताराम काही बोलला नाही. आठ दिवसांत त्याला ती सवय लागली होती.

आख्यान सुरू झालं. नगाऱ्यांच्या प्रवेशात मी अशी वाजले की मंडपाचे खांब हलले. मी, मृदंग आणि झांज यांनी मिळून एक क्षणही मोकळा ठेवला नाही. भाई बाकड्यावर बसून गरजला, टाळ्या घेतल्या. आणि काशिनाथ आत आला.

दत्तारामने भाता भरला. बोटं पट्ट्यांवर आणली आणि थांबला. मृदंगवाल्याने त्याच्याकडे पाहून हात वरच ठेवला. झांजवाल्याने झांजा उघड्या धरल्या.

"कोण रे तू?" भाई कडाडला. "नाव सांग! कुळ सांग!"

काशिनाथने त्याच्याकडे पाहिलं. नुसतं पाहणं नव्हतं ते. समोरचा माणूस बोलतोय त्याचा शब्द न् शब्द आपण वेचून घेतोय, असं ते ऐकणं होतं. कोपऱ्यातून एक ओळखीची कुजबुज आली, "इसारलो वाटता." पण तिला साथ मिळाली नाही. लोक दत्तारामच्या बोटांकडे पाहत होते. आता वाजेल, आत्ता वाजेल.

"माझ्या नगरीत पाऊल टाकण्याची आज्ञा तुला कोणी दिली?" भाईने दुसरा प्रश्न टाकला. आवाज चढाच होता, पण वाक्याच्या शेवटी जरा ढळला. काशिनाथ एक पाऊल पुढे आला. सोड्यावाल्याच्या हातातली बाटली तशीच राहिली. पहिली रांग शांत झाली, मग दुसरी. मला ते उतरत उतरत मागे जाताना कळत होतं, ओहोटीचं पाणी काठ सोडत जावं तसं. भजीवाल्याने झारा कढईच्या कडेला टेकवला. रडणारं एक मूल आईच्या खांद्यावर डोकं ठेवून डोळे मोठे करून पाहू लागलं.

"अरे," भाई म्हणाला, आणि या वेळी तो गरजला नाही, "ज्याला स्वतःचं नावही सांगता येत नाही, त्याला देव म्हणायचं तरी कोणी?"

आणि मग काहीच नाही. चारशे-पाचशे माणसांचं काहीच नाही. मी भरलेली होते, काठोकाठ. माझ्या एका फटीतून जरी वारा सुटला असता तरी सगळं संपलं असतं. सागवानाची प्रत्येक फळी मी आवळून धरली. वीस वर्षं ज्या माणसाच्या आवाजाला मी साथ दिली, त्याच्या मौनाला मी त्या दिवशी साथ देत होते. आणि सांगते, त्याच्या आवाजापेक्षा ते मोठं होतं.

इथे भाईचं शरणागतीचं लांबलचक भाषण होतं. रोज घरी घासलेलं, यमकांनी भरलेलं. त्याने तोंड उघडलं. पुन्हा मिटलं. मग तो बाकड्यावरून उतरला. आख्यानात असं काही नव्हतं. त्याने काशिनाथचा हात धरला, त्याला बाकड्यापाशी आणलं, बसवलं आणि स्वतः मुकुटासकट त्याच्या पायांपाशी जमिनीवर बसला. भाईच्या गालांवरचा रंग ओघळत होता.

काशिनाथने हात वर केला. दत्तारामने एक पट्टी दाबली. एकच.

जन्मात मी किती सूर काढले त्याला गणती नाही. तो सूर वेगळा होता. त्याच्याखाली पाणी होतं.

मंडप उसळला. टोप्या उडाल्या, कोणीतरी भजीच वर उधळली. सोड्यावाल्याने हातातली बाटली फोडली आणि ती कोणाच्या नावाची ते न विचारता शेजाऱ्याच्या हातात दिली. मालक विंगेत उभे होते ते मटकन खाली बसले. आणि शेवंती, जी कधी चारचौघांत मोठ्याने बोलली नव्हती, ती उभी राहून ओरडत होती, "माझो घोव तो! माझो घोव!"

बक्षिसांच्या वेळी परीक्षकांत जुंपली. तिघांमधल्या मुख्य परीक्षक होत्या निवृत्त मुख्याध्यापिका कावेरीबाई. त्यांनी वाचिक अभिनयाचं, म्हणजे बोलण्यातल्या अभिनयाचं, पहिलं बक्षीस काशिनाथला दिलं. दुसरे परीक्षक तावातावाने उठले. "बाई, हे नियमात बसत नाही. त्यांनी एक अक्षर उच्चारलेलं नाही!"

कावेरीबाईंनी चष्मा काढून पुसला. "राजाने तीन प्रश्न विचारले. तिन्हींची उत्तरं मला स्पष्ट ऐकू आली. मागे, शेवटच्या रांगेतही ऐकू गेली असावीत." मग त्या लोकांकडे वळल्या. "कोणाला ऐकू आली नसतील तर हात वर करा."

एकही हात वर झाला नाही.

काशिनाथला ढाल दिली आणि सवयीने कोणीतरी त्याच्यापुढे माईक धरला. विजेत्याने दोन शब्द बोलायचे असतात ना. धरणाऱ्याच्या लक्षात आलं तेव्हा उशीर झाला होता, तो बिचारा लाजेने लालेलाल. काशिनाथने त्याच्या हातातून माईक अलगद घेतला, तोंडापाशी धरला आणि लोकांकडे पाहिलं. आणि कोणीही न सांगता सगळं मैदान गप्प झालं. तो जितका वेळ उभा राहिला तितका वेळ. राजपार्टी म्हणून वीस वर्षांत त्याने कितीतरी दरबार भरवले, पण असा दरबार त्याचाही पहिलाच.

त्याला आता तीन वर्षं झाली. सन एकोणनव्वद चाललंय. काशिनाथ प्रत्येक हंगामात आमच्याबरोबर असतो. निःशब्दाचं आख्यान आम्ही आरोंद्यापासून वैभववाडीपर्यंत लावलं, आणि गावोगाव लोक मालकांना विचारतात, देव कधी आणतास? भाई आता दुसऱ्या आख्यानांतही मध्येच थांबायला शिकलाय, आणि त्याच्यासाठी मी अर्धी पट्टी चढी वाजवणं सोडून दिलंय. माझा एक पाय घाटात मोडला तो पट्टी मारून जोडलाय. दोन पट्ट्या पिवळ्या पडल्यात. वाजताना जरा खोकते.

परवा मालक एका दुकानातून विजेवरची नवी पेटी पाहून आले. लहानशी, काखेत मावणारी, बटण दाबलं की शंभर आवाज. ते कौतुकाने दत्तारामला सांगत होते. दत्तारामने सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच विचारलं, "त्येच्यात भातो खंय आसा?"

मालकांनी माझ्या भात्याकडे पाहिलं. मग म्हणाले, "ह्या बाकी खरा." आणि तो विषय तिथेच संपला.

तुमच्या गावात आमची कंपनी आली तर या. भजी खा, सोडा प्या, राजाच्या भाषणाला हव्या तेवढ्या टाळ्या वाजवा. पण धुवट वस्त्रातला माणूस आत आला आणि माझ्यावरची बोटं थांबली, तर घाबरून शेजाऱ्याशी बोलू नका. काही विसरलेलं नाही, काही बिघडलेलं नाही. तुमच्या सगळ्या शब्दांना ज्याने उचलून धरलंय तो पाहुणा दारात आलाय, त्याला बसायला जागा द्या.

बघा, बोलत काय बसले मी. आजच्या गावची माणसं जमली. भाईने शेवटचा प्रश्न टाकलाय. दत्तारामने भाता भरलाय, त्याचे पाय थांबलेत. काशिनाथ पुढे येतोय.

आता मी गप्प बसते.